अशक्य त्रिकोण प्रत्यक्षात उभा करताना

तीन चौकोनी दांडे, प्रत्येक दोन दांड्यांमध्ये काटकोन, आणि तरीही तिघांचा मिळून बंद त्रिकोण. शाळेतल्या भूमितीत त्रिकोणाच्या कोनांची बेरीज १८० अंश असते, इथे ती २७० भरते. आपल्या जगात अशी वस्तू असू शकत नाही. पण एका ठरावीक ठिकाणाहून, एका डोळ्याने पाहिली तर ती आहे याबद्दल शंकाच येऊ नये, अशी वस्तू मात्र पुठ्ठ्यातून एका दुपारी करता येते.

स्वीडिश चित्रकार ऑस्कर रॉयटर्सव्हार्ड याने १९३४ मध्ये घनांच्या रांगा मांडून हा त्रिकोण प्रथम काढला. १९५८ मध्ये लायोनेल पेनरोज आणि त्यांचा मुलगा रॉजर यांनी मानसशास्त्राच्या एका ब्रिटिश नियतकालिकात अशा आकृत्यांवर छोटा लेख लिहिला आणि तेव्हापासून त्याला पेनरोज त्रिकोण हे नाव चिकटलं. (याच रॉजर पेनरोज यांना २०२० मध्ये कृष्णविवरांवरच्या कामासाठी भौतिकशास्त्राचं नोबेल मिळालं.) ऑस्ट्रेलियातल्या पर्थ शहरात १९९९ पासून याचं सुमारे साडेतेरा मीटर उंच धातूचं शिल्प उभं आहे. तेही ठरावीक जागेवरूनच जुळतं.

आकृती खोटं कुठे बोलते

काम सुरू करण्याआधी एवढा भाग नीट समजून घ्या. पुढचं प्रत्येक माप आणि प्रत्येक काप यातूनच येतो.

दांड्यांना अ, ब, क म्हणू. अ टेबलावर आडवा आहे. त्याच्या एका टोकापासून ब काटकोनात निघतो आणि तोही आडवाच आहे. ब च्या दुसऱ्या टोकावर क उभा आहे. म्हणजे आपण एका दिशेला गेलो, मग तिच्याशी काटकोनात दुसऱ्या दिशेला, आणि मग दोघींशी काटकोनात थेट वर. असं चालून कोणी निघालेल्या जागी परत येत नाही. क चा माथा आणि अ चं मोकळं टोक यांच्यात अंतर राहणारच. तिन्ही बाजू सारख्या असतील तर हे अंतर एका घनाच्या कर्णावर पडतं, म्हणजे बाजूच्या √३ पट असतं.

आता या कर्णाच्याच रेषेत डोळा ठेवा. दोन्ही टोकं एकामागे एक येतात आणि मधलं अंतर नजरेला दिसतच नाही. मेंदू दोन शक्यतांपैकी सोपी निवडतो: ‘ही टोकं चिकटलेली आहेत.’

या जागेवरून दांड्यांच्या फक्त तीन प्रकारच्या बाजू दिसतात: वरचा माथा, डावीकडे तोंड असलेली बाजू आणि उजवीकडे तोंड असलेली बाजू. अ चा माथा आणि उजवी बाजू दिसते, ब चा माथा आणि डावी, क ची डावी आणि उजवी. म्हणजे चित्रात काटकोनी वळणाचे तीन सलग पट्टे तयार होतात. माथ्याचा पट्टा अ आणि ब मिळून होतो आणि तो खरोखर एका पातळीत असतो. डाव्या बाजूंचा पट्टा ब आणि क चा, तोही खरा. उजव्या बाजूंचा पट्टा मात्र क आणि अ चा, आणि त्याचे दोन भाग समांतर असले तरी (पुढे दिलेल्या मापांनुसार) एकमेकांपासून १४ सेंटीमीटर मागेपुढे असतात. तीनपैकी दोन पट्टे खरे, एक खोटा. सगळी मेहनत या तिसऱ्या पट्ट्यासाठी आहे. बाकीचं मॉडेल साधं खोकं जोडण्याइतकंच अवघड आहे.

मापं

दांड्याची जाडी २ सेंमी आणि अ ची लांबी १६ सेंमी, हे पहिल्या मॉडेलसाठी सोयीचं प्रमाण आहे. जाडी ‘ज’ आणि अ ची लांबी ‘ल’ धरली तर ब ची लांबी ल वजा ज आणि क ची ल वजा दोन ज. म्हणजे अ १६, ब १४, क १२ सेंमी.

ल हे ज च्या आठपट ठेवलं की त्रिकोण सुबक दिसतो. पाच-सहापट केलं तर तो ठोकळेबाज होतो, आणि चारपटीवर आलं की मधली पोकळी पूर्ण बुजते. त्रिकोण दिसायच्या ऐवजी नुसता गड्डा दिसतो. उलट बारापटीच्या पुढे दांडे इतके बारीक दिसतात की बाजूंच्या छटा नीट वाचता येत नाहीत आणि परिणाम ओसरतो.

अ आणि ब सरळ कापाचे आहेत. क चा माथा मात्र ४५ अंशांत तिरका कापायचा. उजवी बाजू पूर्ण १२ सेंमी, तिच्या पाठीमागची (न दिसणारी) बाजू १० सेंमी, आणि मधल्या दोन बाजूंवर १२ वरून १० वर येणारा उतार. बरोबर ४५ अंशच का? डोळ्याची रेषा या उताराच्या पातळीतच असते, म्हणून उतार आपल्याला सपाट पृष्ठभाग म्हणून दिसत नाही, फक्त एक रेघ दिसते. ती रेघ मागे असलेल्या अ च्या खालच्या कडेवर तंतोतंत बसते. माथा सपाट ठेवला तर तिथे फिकट रंगाचा एक चौकट आकार दिसतो, क चा दांडा अ च्या पुढे उभा आहे हे लगेच कळतं आणि खेळ संपतो. बहुतेक फसलेल्या मॉडेलांमध्ये हा एवढा कापच राहून गेलेला असतो.

कापणं आणि घडी

२५० ते ३०० जीएसएमची (म्हणजे चौरस मीटरला इतके ग्रॅम वजनाची) एक ए-४ कार्डशीट पुरते. यापेक्षा पातळ कागदाचे दांडे मधे पोट काढतात. जाड पुठ्ठा घेतला तर घडीवर तडकतो आणि कड बोथट होते.

प्रत्येक दांड्यासाठी ९ सेंमी रुंद पट्टी लागते: २ सेंमीच्या चार बाजू आणि १ सेंमीची चिकटपट्टी. अ आणि क च्या पट्ट्या एकाखाली एक बसतात, १६ आणि १२ मिळून २८, आणि ए-४ ची लांबी २९.७ आहे. ब ची १४ सेंमीची पट्टी शेजारी येते. उरलेल्या तुकड्यांतून टोकं बंद करायला २ × २ सेंमीचे चौकोन काढा. क च्या तिरक्या माथ्यासाठी २ × २.८ सेंमीचा आयत लागेल.

क ची पट्टी आखताना चार बाजूंची उंची या क्रमाने येते: पहिली १२ सरळ, दुसरी १२ वरून १० वर उतरणारी, तिसरी १० सरळ, चौथी १० वरून १२ वर चढणारी. चिकटपट्टी चौथीच्या पुढे. या चारांत पहिली बाजू पुढे ‘उजवी’ होणार आहे, तिच्या आतल्या अंगाला पेन्सिलने खूण करून ठेवा.

घडीच्या रेषा आधी रिकाम्या बॉलपेनने किंवा कटरच्या पाठीने दाबून घ्या. पट्टी स्टीलची वापरा आणि रेघ एकदाच, सारख्या दाबाने ओढा. दोनदा ओढलेली रेघ बहुतेक वेळा दुहेरी होते आणि दांड्याची कड गोलसर येते. या मॉडेलमध्ये कडा हीच सगळी माहिती असते. त्या धारदार हव्यात.

घडी घालून चिकटपट्टी आतून लावा, पांढऱ्या गोंदाचा पातळ हात पुरे. ओल असताना दांडा सपाट टेबलावर ठेवून वर एखादं जड पुस्तक ठेवा, पण दांड्याच्या आत २ सेंमीचा एखादा चौकोनी ठोकळा सरकवल्याशिवाय नको, नाहीतर चौकोनाचा समभुज पतंग होतो. टोकांचे चौकोन शेवटी बसवा. तिरक्या माथ्याचं झाकण कडेपेक्षा अर्धा मिलिमीटर आत ठेवा, ते वर डोकावलं तर रेघ जाड दिसेल.

लाकूड वापरायचं असेल तर २० मिमी जाडीची चौरस पट्टी साधारण ४५ सेंमी घ्या, ४२ सेंमी मापाची आणि बाकी करवतीच्या फटीची. ४५ अंशांचा काप मायटर बॉक्समध्येच (करवत ठरावीक कोनात धरणाऱ्या खाचांच्या खोक्यात) करा. हाताने अंदाजे कापून मग कानशीने दुरुस्त करण्याच्या नादात दांडा आखूड होतो.

जोडणी

वरून पाहिलं तर अ आणि ब मिळून ‘<’ असा आकार व्हायला हवा, आपण त्याच्या खालच्या बाजूला, उघडं तोंड आपल्या उजव्या हाताला. वरचा हात अ, खालचा ब. अ चं मोकळं टोक आपल्यापासून सर्वांत लांब, ब चं टोक सर्वांत जवळ, आणि कोपरा डावीकडे.

ब चं टोक अ च्या उजव्या बाजूवर चिकटवा, अशा रीतीने की ब ची डावी बाजू आणि अ च्या टोकाचा चौकोन एका पातळीत येतील. मग ब च्या जवळच्या टोकावर क उभा करा, तोही चहूबाजूंनी काठोकाठ. क ची १२ सेंमीची बाजू ब च्या टोकाच्या चौकोनाशी एका पातळीत, आणि माथ्याचा उतार ब च्या लांबीला धरून मागे, डाव्या कोपऱ्याकडे. हा उतार चुकीच्या दिशेला बसवणं फार सोपं आहे, म्हणून गोंद लावण्याआधी एकदा कोरडं ठेवून बघा.

दोन्ही सांधे गुण्याने (काटकोन तपासायच्या सुताराच्या हत्याराने) तपासा. यात एक गंमत आहे. लांबीतली चूक हे मॉडेल पोटात घालतं. ब एक मिलिमीटर आखूड झाला तरी दोन टोकांना जोडणारी रेषा किंचित बदलते इतकंच, डोळा त्या नव्या रेषेवर नेला की सांधा परत जुळतो. कोनातली चूक मात्र सोडत नाही. चित्रात अ च्या मोकळ्या टोकाची उभी कड आणि क ची उजवी उभी कड मिळून एक सलग रेषा दिसायला हवी. त्या दोन कडा प्रत्यक्षात समांतर असल्या तरच हे शक्य आहे, कारण समांतर रेषा नजरेला एकाच बिंदूकडे जाताना दिसतात, आणि वाटेत एका ठिकाणी एकमेकींवर आल्या की पूर्ण लांबीभर एकच होतात. क एक अंशाने जरी कलला तरी त्या रेषेला बाक येतो. कॅमेरा कितीही हलवा, तो बाक जात नाही. म्हणून क चा गोंद सुकेपर्यंत गुण्या दोन बाजूंनी टेकवूनच ठेवा.

रंग

रंगवण्यापेक्षा रंगीत कागद चिकटवणं जास्त चांगलं. ब्रशचा रंग कार्डशीटला ओलावतो आणि बाजू वाकतात, शिवाय सांध्याची फट रंगाखालूनही दिसत राहते. एकाच रंगाच्या तीन छटांचे न चमकणारे कागद घ्या: माथ्याला फिकट, डावीकडे मध्यम, उजवीकडे गडद. सर्वांत गडद छटा मुद्दाम उजवीकडे ठेवायची, कारण खोटा पट्टा तो आहे आणि गडद रंगावर उजेडातला फरक कमी जाणवतो.

माथ्याचा पट्टा एकाच काटकोनी तुकड्यातून कापा: अ साठी १६ सेंमीची बाजू, तिच्या टोकापासून ब साठी १२ सेंमीची (ब च्या शेवटच्या २ सेंमीवर क उभा आहे). डाव्या बाजूचा पट्टाही एकाच तुकड्याचा: आडवी बाजू १६ सेंमी, तिच्या उजव्या टोकावर उभी बाजू, जिची बाहेरची कड तळापासून १४ सेंमी आणि आतली १२ सेंमी. असे सलग तुकडे लावले की दोन्ही खरे सांधे कागदाखाली गडप होतात. नजरेला कुठेच फट दिसत नाही, आणि मग तिसरा सांधाही तितकाच खरा वाटतो.

उजव्या बाजूला दोन स्वतंत्र तुकडे लागतात आणि दोन्ही १४ × २ सेंमीचेच निघतात: एक अ च्या उजव्या बाजूच्या मोकळ्या भागाला, दुसरा क ची उजवी बाजू आणि त्याखाली ब च्या टोकाचा चौकोन मिळून. हे दोन तुकडे एकाच कागदावर शेजारी-शेजारी आखून कापा. वेगवेगळ्या तावांतला ‘सारखा’ रंग कॅमेऱ्याला सारखा दिसत नाही. कागदाच्या कापलेल्या कडा पांढऱ्या चमकतात, त्यावरून त्याच छटेचं मार्कर हलकेच फिरवा. विशेषतः क च्या तिरक्या माथ्याच्या कडेवरून.

डोळ्याची जागा

यासाठी कोनमापक लागत नाही, एक बारीक दोरा पुरतो. बिंदू प म्हणजे अ च्या मोकळ्या टोकाचा, उजव्या बाजूवरचा, टेबलाला टेकलेला कोपरा. बिंदू फ म्हणजे क च्या उजव्या बाजूचा वरचा, उजवीकडचा कोपरा, टेबलापासून १४ सेंमी उंच. दोऱ्याचं एक टोक प पाशी चिकटपट्टीने लावा, दोरा फ ला अगदी निसटता स्पर्श करेल असा ताणा आणि तसाच पुढे कॅमेऱ्यापर्यंत न्या. ताणलेल्या दोऱ्याच्या रेषेवर भिंगाचा मध्य आला की झालं. मग दोरा काढून टाका.

इथे हमखास होणारी चूक म्हणजे कॅमेरा त्रिकोणाच्या मध्यासमोर लावणं. चौकटीत वस्तू मधोमध यावी ही सवय असते. पण रेषा मध्यातून जात नाही, प आणि फ मधून जाते. त्रिकोण चौकटीत थोडा डावीकडे सरकलेला येईल, तो नंतर फोटो कापून मध्यात आणता येतो.

नेमका फ हाच कोपरा निवडण्याला कारण आहे. जवळची वस्तू मोठी दिसते, त्यामुळे क चा वरचा भाग अ च्या टोकापेक्षा रुंद दिसणार हे टळत नाही. बाहेरची उजवी कड जुळवली की हा सगळा जादा भाग आतल्या अंगाला ढकलला जातो, जिथे क ची उजवी बाजू आणि अ ची उजवी बाजू एकाच रंगात मिसळतात आणि तुलना करायला एकही रेघ नसते. आतली कड जुळवली तर तोच फरक बाहेर, पार्श्वभूमीवर, पायरीसारखा दिसेल.

रेषेचा टेबलाशी कोन ३५ अंशांहून किंचित जास्त असतो. अंतराचा हिशेब प पासून असा: १ मीटरवर कॅमेरा टेबलापासून ५८ सेंमी उंच आणि आडव्या अंतराने ८२ सेंमी दूर, पण तिथून क चं वरचं टोक अ पेक्षा ३२ टक्के जाड दिसतं. २ मीटरवर उंची ११५, आडवं अंतर १६३, फरक १४ टक्के. ३ मीटरवर १७३ आणि २४५, फरक ९ टक्के. ४ मीटरवर २३१ आणि ३२७, फरक ६ टक्के. रेषा चारही ठिकाणी सारख्याच जुळतात, बदलतो तो फक्त दांड्यांच्या जाडीतला फरक. ३ मीटर हे व्यवहाराला सोयीचं अंतर. मॉडेल जमिनीवर ठेवलं तर डोळा साधारण उभ्या माणसाच्या उंचीवर येतो.

प ते फ अंतर सुमारे २४ सेंमी आहे. त्यामुळे ३ मीटरवर कॅमेरा १ सेंमी सरकला की सांधा ०.८ मिमीने सुटतो. म्हणजे जागा अर्ध्या सेंटीमीटरच्या आत पक्की हवी. हातात मोबाईल धरून हे साधत नाही, ट्रायपॉड लागतोच. दोन डोळ्यांमध्ये साडेसहा सेंमी अंतर असतं, म्हणून एक डोळा जुळलेलं चित्र बघत असताना दुसऱ्याला तोच सांधा ५ मिमीने, दांड्याच्या पावपट रुंदीने, सुटलेला दिसतो. प्रत्यक्ष बघणाऱ्यांसाठी काळ्या पुठ्ठ्याला ५ मिमीचं भोक पाडून तो पुठ्ठा स्टँडवर नेमक्या जागी पक्का करा. भोकातून एकच डोळा बघू शकतो आणि डोकंही हलत नाही, दोन्ही कामं होतात. लहान मुलं आणि मोठी माणसं एकाच स्टँडवरून बघणार असतील तर स्टँड हलवू नका, मुलांच्या पायाखाली पाट द्या.

प्रकाश आणि फोटो

कागदी छटांनी अर्धं काम केलेलं असतं, प्रकाशाने ते बिघडवू नये इतकंच बघायचं. दोन धोके आहेत: उजेडाची उतरण आणि सावली.

दिवा जवळ असेल तर क उजळ आणि अ चं टोक मंद दिसतं. दिवा क पासून १ मीटरवर आणि अ चं टोक त्याच रेषेत २४ सेंमी मागे असेल तर क वर दीडपटीहून जास्त उजेड पडतो. खोटा पट्टा सांध्यावर लगेच दोन रंगांत तुटतो. तोच दिवा ४ मीटरवर नेला की फरक १२ टक्क्यांवर येतो आणि गडद कागदावर तो जाणवत नाही. ढगाळ दिवसाचा मोकळा उजेड सर्वांत उत्तम.

सावलीसाठी युक्ती अशी की दिवा कॅमेऱ्याच्या जितका जवळ, तितकी सावली वस्तूच्या बरोबर मागे पडते आणि कॅमेऱ्याला ती दिसतच नाही. क ची सावली अ च्या टोकावर पडली तरी ती क च्याच आड राहते. समोरून येणाऱ्या प्रकाशात वस्तू सपाट दिसते हा छायाचित्रकारांचा नेहमीचा आक्षेप इथे लागू होत नाही, उठाव कागदाच्या छटांतून आलेलाच आहे. बाजूची खिडकी मात्र झाका. तिच्यामुळे क ची लांब सावली टेबलावर आडवी पडते आणि ‘हा दांडा उभा आहे’ असं ओरडून सांगते.

मॉडेलखाली एकाच रंगाचा, न चमकणारा, मोठा कागद अंथरा, चौकटीत टेबलाची कड येता कामा नये. तिन्ही छटांपेक्षा वेगळा रंग घ्या. मऊ कापड टाळा, अ ची खालची कड त्यात रुतते आणि नेमकी तीच कड उताराच्या रेघेशी जुळायची असते.

मोबाईलमध्ये पोर्ट्रेट मोड बंद ठेवा. तो खोली मोजून मागचं धूसर करतो, म्हणजे अ चं टोक पुसट करून सगळं गुपित फोडतो. वाइड लेन्सही नको, चौकटीच्या कडेला ती सरळ रेषा वाकवते. दोन किंवा तीन पटीची वेगळी झूम लेन्स असेल तर ती वापरा. मोठ्या कॅमेऱ्यात एफ/११ च्या आसपास छिद्र ठेवा आणि फोकस प व फ च्या मधोमध द्या. शटर टायमरने सोडा.

जुळत नसेल तर

अ ची उभी कड क च्या कडेच्या उजवीकडे दिसत असेल तर कॅमेरा डावीकडे न्या, डावीकडे दिसत असेल तर उजवीकडे. मागची वस्तू आपण सरकू त्याच दिशेला सरकल्यासारखी भासते, एवढं ध्यानात ठेवलं की गोंधळ होत नाही. क च्या माथ्यावर पांढरट फट किंवा झाकणाचा उतार दिसत असेल तर कॅमेरा उंच आहे. उलट क ची मध्यम छटा अ च्या गडद पट्ट्यावर छोट्या त्रिकोणासारखी चढली असेल तर तो खाली आहे. चुकायचंच असेल तर किंचित खाली चुकावं. उजव्या बाजूंचा रंग एकच असल्याने तिथला थोडासा अतिक्रमित भाग मिसळून जातो, वरची फट मात्र कोणाच्याही नजरेतून सुटत नाही.

रेषा जुळते पण सांध्यावर किंचित वाकते, म्हणजे क कलला आहे किंवा अ चं टोक चौरस नाही. आधी टोक तपासा, ते बदलणं सोपं आहे. सगळं जुळूनही त्रिकोण एका बाजूला ताणलेला वाटत असेल तर बहुधा लांबीत दोन-तीन मिलिमीटरचा फरक पडलेला आहे. तो तसाच राहू द्यायला हरकत नाही, सांधा जुळणं महत्त्वाचं. पण लांबी फारच चुकली असेल तर डोळ्याची रेषा उताराच्या पातळीबाहेर जाते. मग क च्या माथ्याचा कोन पॉलिश पेपरवर घासून नव्या रेषेला जुळवावा लागतो.

आणि सगळं बरोबर असूनही बघणाऱ्याला काहीच विशेष वाटलं नाही, असंही होतं. फोटोत तर नेहमीच होतं, लोकांना ते संगणकावर काढलेलं चित्र वाटतं. त्यावर उपाय म्हणजे चौकटीतच आरसा ठेवणं. मॉडेलच्या डाव्या हाताला, साधारण ३० सेंमी दूर, एक सपाट आरसा उभा करा आणि त्यात मॉडेल दिसेपर्यंत फिरवा. समोर बंद त्रिकोण, आरशात ताठ उभा राहिलेला एकटा दांडा आणि मोकळं टोक. व्हिडिओ करायचा असेल तर मॉडेल फिरत्या चकतीवर ठेवा. प आणि फ मधलं आडवं अंतर जवळजवळ २० सेंमी असल्याने चकती एका अंशाने फिरली तरी सांधा साडेतीन मिलिमीटरने उघडतो. म्हणून फिरवणं अगदी सावकाश सुरू करा, पहिल्या पाच अंशांतच सगळं काही घडून जातं.

मोठ्या आकारात

सगळी मापं एकाच पटीत वाढतात, डोळ्याचं अंतरसुद्धा. दहापट मॉडेलला २० सेंमी जाडीचे दांडे, १६० सेंमीचा अ, आणि तेवढाच परिणाम मिळायला ३० मीटरवर १७ मीटर उंचीचा डोळा लागतो. एवढी उंची प्रत्यक्षात मिळत नाही, म्हणून मोठं मॉडेल टेबलासारखं सपाट न ठेवता पुढे कलतं करतात: प-फ रेषा जमिनीला समांतर येईल असं कलवलं, म्हणजे ३५ अंशांहून थोडं जास्त, की उभ्या माणसाचा डोळा थेट रेषेत येतो. मग मात्र अ आणि ब हवेत तरंगतात आणि आधार लागतो. आधाराचा खांब डाव्या कोपऱ्याच्या मागे, दांड्यापेक्षा अरुंद आणि पार्श्वभूमीच्या रंगाचा ठेवा. वजनाचा मोठा भाग क च्या बाजूने पुढे येतो, तेव्हा ब च्या खालीही एक टेकू हवा, नाहीतर अ-ब चा सांधा हळूहळू पिळतो आणि काही दिवसांनी कडा जुळेनाशा होतात. घराबाहेर ठेवायचं असेल तर पुठ्ठा-लाकूड विसरा. दमटपणाने क कलतो, आणि कललेल्या क ला कॅमेऱ्याने सावरता येत नाही.